चौदा नंबरचे खजुराचे झाड

नगरपालिकेच्या आवारात आम्ही पिंपांत लावलेली बावीस झाडे होतो: एकोणीस खजुराची, तीन कण्हेरीची. चौदा नंबरच्या पिंपातले मी एक जुने खजुराचे झाड आहे. मित्रांनो, दक्षिण ट्युनिशियातल्या आमच्या गावात मंत्री यायचे म्हटले की आम्हाला ट्रकवर चढवून रस्त्याकडेला मांडत. गाड्यांचा ताफा गेला की उचलून पुढच्या चौकात नेत. पर्यटनाच्या सरकारी जाहिरातपटात तर मी एकटेच सात गावांची हिरवळ झाले.

कौतुक खूप झाले. पण मुळे पिंपात गोल गोल फिरत राहिली, त्यांना कुठे टेकताच येईना. ट्रक दिसला की माझी पाने थरथरत. माळी हमादीकाका दरवर्षी विनवायचे, "याला जमिनीत लावू द्या, नाहीतर मरेल ते." कारकून रिधासाहेबांचे उत्तर ठरलेले होते, "सरकारी वस्तू आहे. पुरून टाकली तर यादीत कशी दाखवू?"

मग गावातल्या सलूआ नावाच्या मुलीने त्या जाहिरातपटाची थट्टा करणारा छोटा चित्रपट काढला. त्यात एक पाहुणा सात गावे फिरतो आणि प्रत्येक गावात मीच भेटते. तो माझ्या पानाशी हस्तांदोलन करून विचारतो, "काय साहेब, आता इकडे बदली का?" पिंपावरचा चौदाचा आकडा पडदाभर दिसे. लोक पोट धरून हसले.

दुसऱ्याच दिवशी हुकूम आला: सगळे नंबर पुसा.

"आता ओळखून दाखव म्हणावं त्या पोरीला," रिधासाहेब म्हणाले.

हमादीकाकांनी नंबर झाकायला ब्रश रंगात बुडवला. "आणि यादी, साहेब?"

"नंबरच नाहीत तर यादी कशाला? फाडली."

"म्हणजे एखादं कमी झालं तरी कळायचं नाही?"

"तू रंग लाव, म्हातारोबा."

काकांनी रंग लावला. दुपारी त्यांनी आणि सलूआने मला हातगाडीवरून शाळेमागे नेले आणि पिंप कापले. मुळांनी पिंपाचाच आकार घेतला होता. काका एकेक मूळ बोटांनी सोडवू लागले.

"काका, याचं चित्रण करू?"

"कर. दाखवू मात्र नकोस. परत नंबर घालतील."

मित्रांनो, झाडाचे फोटो खुशाल काढा, पण आधी त्याच्या मुळांना जागा द्या. माझी कितीतरी वर्षे ट्रकवर गेली. जमिनीत आल्यावरही पहिले काही दिवस मी चाकांच्या आवाजाने दचकत होते.

शंभराव्या दिवशी सलूआने माझ्या नव्या कोंबाला टेप लावली. एकोणचाळीस सेंटीमीटर.