सतराव्या निबंधाची दुरुस्ती

बाबांनी हिवतापावर त्रेचाळीस शोधनिबंध लिहिले आणि निवृत्तीनंतर आमच्या डोंगरपट्ट्याच्या इतिहासाचे चार खंड. "लोक नातवंडं खेळवतात, हे दप्तरं खेळवतात," असं आई म्हणायची. मी छापखान्यात मुद्रितं तपासते, म्हणून चारही खंड आधी माझ्या नजरेखालून गेले.

बाबा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे असताना वरच्या खोऱ्यातल्या दवाखान्यातून नर्सबाईंचा फोन आला. नव्या कालव्याकाठच्या तीन वस्त्यांनी तापाने अंथरूण धरलं होतं. रक्तात हिवतापाचे जंतू सापडत होते, पण आरोग्य अधिकारी फवारणीला तयार नव्हते.

"ते म्हणतात, खाली कामाला गेलेल्यांनी ताप आणला, एवढ्या उंचीवर तो डास जगतच नाही. पण डॉक्टर, काल आठ महिन्यांची पोर गेली. ती खोऱ्याबाहेर कधी गेलीच नव्हती."

"जगत नाही असं कोणी सांगितलं त्यांना?"

"तुम्हीच. तुमचा निबंध आहे त्यांच्या टेबलावर."

तो सतरावा निबंध. त्यानेच बाबांना नाव मिळवून दिलं होतं. दुसऱ्या दिवशी आम्ही अधिकाऱ्यांच्या कचेरीत गेलो. अधिकारी एकेकाळी बाबांच्या हाताखाली शिकलेले. उठून उभे राहिले, बाबांना खुर्ची दिली.

बाबांनी इतिहासाचा तिसरा खंड उघडून पानावर बोट ठेवलं. शंभर वर्षांपूर्वी त्याच खोऱ्यात कालवा खणला होता आणि चार वर्षांत तापाने तीन गावं ओस पडली होती.

"सर, हा इतिहास झाला," अधिकारी म्हणाले. "त्या वेळच्या कारकुनाने ताप लिहिला. कसला ताप, त्याला काय कळणार? निबंधात तुम्ही दोन उन्हाळे पाणी तपासलंत. मी कशावर सही करू?"

"निबंध चुकला आहे."

"मग मला डास दाखवा, सर."

जिना उतरताना बाबा मध्येच थांबले. मी त्यांच्याकडे पाहिलं नाही. नऊ वर्षांपूर्वी तेच पान तपासताना मी त्यांना म्हटलं होतं, "हे तुमच्या निबंधाशी जुळत नाही." ते म्हणाले होते, "छापू दे. निबंधाचं मी बघतो." त्यांनी बघितलं नाही. मीही पुन्हा विषय काढला नाही.

"मी शोधलं तेव्हा जुना कालवा बुजलेला होता," ते कठड्याला धरून म्हणाले. "ओढ्याचं वाहतं पाणी होतं, साचलेलं नव्हतं, म्हणून डास नव्हता. पाणी खेळवलं तर येईल, एवढी एक ओळ लिहायची होती. पण ती लिहिली असती तर निबंधात उरलं काय असतं?"

आम्ही तसेच खोऱ्यात गेलो. गुडघे धरून बाबा कालव्याच्या काठाने बसत, उठत, पुन्हा बसत. जिथे पाणी झिरपून डबकं साचलं होतं तिथे पळी बुडवून निरखायचे. मी हात द्यायला गेले की झिडकारायचे. तिसऱ्या दिवशी पळीत अळ्या आल्या, पाण्याच्या पृष्ठभागाला समांतर, हिवतापाच्या डासाच्या पडतात तशा आडव्या पडलेल्या. त्यांनी त्या बरण्यांत भरल्या, वर जाळी बांधली आणि दवाखान्याच्या मागच्या खोलीत ठेवल्या. जात नक्की डासावरूनच ठरते, म्हणून आता तो बाहेर पडेपर्यंत हातावर हात धरून बसायचं होतं.

त्या आठवड्यात आणखी दोघं गेले. एक कालव्याची दारं सांभाळणारा. पहिल्या दिवशी त्यानेच आम्हाला वाट दाखवली होती. नर्सबाई येऊन सांगायच्या आणि बाबा बरणीवर वाकायचे. "लवकर करा रे," असं ते अळ्यांना म्हणताना मी ऐकलं. जेवत नव्हते. मी रागावले तर म्हणाले, "तू तेव्हा माझ्यावर रागवायला हवं होतंस." ते मला अजून सोसत नाही.

नवव्या दिवशी डास निघाला. भिंगातून पाहून बाबा खाली बसले. "तोच," एवढंच बोलले. बरणी घेऊन आम्ही कचेरीत गेलो, तेव्हा अधिकाऱ्यांनीही भिंगातून बराच वेळ पाहिलं आणि त्याच बैठकीत फवारणीच्या हुकमावर सही केली. दीड महिन्यात ताप ओसरला. तोवर चौदा माणसं गेली होती.

बाबांनी दोन पानांची दुरुस्ती लिहिली. निबंध छापणारं नियतकालिक केव्हाच बंद पडलं होतं. दुसऱ्या दोन संपादकांनी कळवलं की आमच्याकडे न छापलेल्या लेखाची दुरुस्ती आम्ही घेत नाही. तेव्हा ती पानं खिशात घालून ते त्या आठ महिन्यांच्या पोरीच्या आईकडे गेले. मी बरोबर होते.

ती दारात लाकडं फोडत होती. बाबांनी उभ्या उभ्या सगळं सांगितलं, निबंध, ती न लिहिलेली ओळ, सगळं.

"तुम्हाला ठाऊक होतं?" तिने विचारलं.

"होतं."

"मग आता मला कशाला सांगता?"

बाबांनी खिशातली पानं काढून तिच्यापुढे धरली. तिने फोडलेली लाकडं गोळा केली आणि आत गेली. बाबा तिथेच उभे राहिले. दोनदा म्हटलं, "चला बाबा," तरी त्यांचा पाय उचलेना. शेवटी मी त्यांचा दंड धरला आणि त्यांना रस्त्यापर्यंत आणलं.