चिन्नोरची फांदी

भिलाई मध्यप्रदेशात होती, तेव्हाची ही गोष्ट. सेक्टर सहाच्या क्वार्टरमध्ये राहणारे देवराव पोलाद कारखान्याच्या ड्रॉइंग ऑफिसात नकाशे काढत. त्यांची मुलगी कांता रायपुरात भाताच्या देशी वाणांवर प्रबंध लिहीत होती. कोणता वाण कोणाच्या जवळचा, हे डीएनएच्या खुणांवरून ठरवून वंशवृक्ष काढायचा होता. तो काढणारा प्रोग्राम फ्लॉपीवर आला होता. संगणक मात्र सुपेल्याच्या बाजारात लग्नपत्रिका छापणाऱ्या केवलरामांकडे होता. त्यांनी तो रविवारपुरता दिला. सोमवारी झाड मार्गदर्शकांपुढे ठेवायचे होते.

फाइल टाइप करण्याचे काम देवरावांनी हौसेने अंगावर घेतले. नियम त्यांच्या स्वभावाला मानवणारे होते. पहिली दहा घरे वाणाच्या नावाची. नाव आखूड असेल तर उरलेली मोकळी. पुढे खूण असेल तिथे एक, नसेल तिथे शून्य. घर चुकले की सारी ओळ सरकणार. त्यांनी एकही चुकू दिले नाही.

झाड छापून आले. भंडाऱ्याकडच्या त्यांच्या गावचा चिन्नोर मुळापाशीच वेगळा फुटला होता. बाकी सारे एकीकडे. देवराव खुलले. आमचा भात कोणाच्या पंगतीत बसत नाही, असे त्यांनी केवलरामांना ऐकवले.

केवलराम म्हणाले, "तुमच्यासारखाच निंगला म्हणा की. इतकी वर्षं भिलाईत, अन् पाय अजून गावातच."

कांताने त्या वेगळेपणावर दोन पाने लिहूनही काढली. पण तळ्याकाठी आपसूक उगवणारा रानटी पसहर शेतातल्या भातांच्या घोळक्यात बसलेला पाहून तिला चैन पडेना. तिने फाइल उघडली.

"बाबा, चिन्नोर सगळ्यांत वर कावून टाकला?"

"गावचा मान पहिला असते. पत्रिकेत आजोबाचं नाव वरच राहते ना?"

कांताने समजावले, की वेगळे सांगितले नाही तर हा प्रोग्राम पहिल्या नावाला परका धरतो आणि झाडाचे मूळ तिथे लावतो. ती जागा पसहरची होती.

देवरावांनी स्वतःच्या हाताने चिन्नोरची ओळ खाली नेली आणि पसहरची सगळ्यांत वर आणली. नव्या झाडात चिन्नोर इथल्या छत्तीसगडच्या लुचई भाताशेजारी, एकाच काडीवर बसला. कांताने ती दोन पाने फाडली.

संध्याकाळी प्रबंधासाठी ते झाड देवरावांनी ट्रेसिंग पेपरवर शाईने उतरवले. चिन्नोर आणि लुचईच्या जोडापाशी हात किंचित थांबला, मग पुढे गेला.

"बाबा, ही रेघ जाड झाली. सगळ्या सारख्या पाहिजेत."

"राहू दे," देवराव म्हणाले.