आत्ताचा पन्हा

“म्हंजे त्याइले आपन कसे दिसतो म्हनतं?” तुरीच्या शेंगा सोलता सोलता सुभद्राबाईंनी विचारले.

सूर्यभान मास्तर खूश झाले. संध्याकाळी अमरावतीत त्यांचे भाषण होते आणि दुपारी आईसमोर त्याची तालीम चालली होती. विषय होता ‘परग्रहवासी आणि काळाची जाणीव’. आता मास्तरांना परग्रहावरचा कोणी भेटला होता अशातला भाग नाही. पण रशियाने माणूस अवकाशात धाडल्यापासून ज्याच्या त्याच्या तोंडी ग्रहतारेच होते, आणि शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या मास्तरांनी तर स्वतःचे एक शास्त्रच रचले होते.

“असं पाय माय,” ते म्हणाले. “माशी मारायले हात उचलला का थे उडते. कावून? आपला झपाटा तिले सावकाश दिसते. तिचा ‘आत्ता’ लहानसा. आपला थोडा मोठा. कापडाले पन्हा असते ना, तसा ‘आत्ता’ले बी पन्हा असते. आता एखाद्या दूरच्या थंड्या ग्रहावर असा जीव असन, का त्याचा एक श्वास म्हंजे आपले हजार वर्स. त्याच्या एका ‘आत्ता’त आपला सारा जलम मावते. आपलं लहानपन, म्हातारपन, सारं त्याले एकाच टायमाले दिसते. काहीच गेलेलं नसते.”

हे शेवटचे वाक्य मास्तरांचे लाडके होते. ते पहिल्यांदा त्यांनी शेषरावांना ऐकवले होते. शेषराव हे शाळेचे हेडमास्तर, मास्तरांच्या मूळ गावच्या, वलगावच्या, मातब्बर घरातले. त्यांची एकुलती मुलगी शालू मुदतीच्या तापाने गेली. नंतर कोणी तिचा विषय काढला की ते उठून जात. सूर्यभान नुसते शेजारी बसून राहत. एकदा काय बोलावे सुचेना म्हणून त्यांनी हे परग्रहाचे काढले, आणि हेडमास्तर ऐकत राहिले. “म्हंजे तिकून पाह्यलं तर शालू हायेच,” असे म्हणत त्यांनी डोळे पुसले होते. आजचे भाषणही त्यांनीच खटपट करून ठरवले होते.

सुभद्राबाईंचे हात थांबले.

“मंग मी बी तथीच असन? वलगावले, हिरीपाशी?”

मास्तर चपापले. बौद्ध धम्माची दीक्षा घेण्याच्या कितीतरी आधीची ती गोष्ट. गावच्या विहिरीला त्यांच्या जातीने हात लावायची सोय नव्हती. कोणी दया येऊन घागरीत पाणी ओतेपर्यंत लांब उभे राहायचे. एका उन्हाळ्यात घरात मास्तरांचा धाकटा भाऊ तापाने फणफणला होता. घागर भरून आई घरी पोचली, तेव्हा त्याला पाण्याची गरज उरली नव्हती. उभ्या आयुष्यात तिने हे एकदाच सांगितले होते.

“सांग ना. असन का नाई?”

आईशी खोटे बोलणे मास्तरांना जमणारे नव्हते. “असशीन, माय.”

“अजून कोनी पानी घातलं नाई मले?”

मास्तरांनी भाषणाचे कागद मिटले.

“नोको रे बाप्पा असा ग्रह,” त्या म्हणाल्या. “लय मुश्किलीनं गेलं थे. जाऊ दे त्याले.”

ज्या शास्त्राने एका बापाला धीर दिला, त्याच शास्त्राने त्यांनी स्वतःच्या आईला पुन्हा विहिरीवर नेऊन उभे केले होते.

संध्याकाळी सभागृह भरले. सुभद्राबाईंनी बाहेर चपला काढल्या आणि सवयीने दाराशीच जमिनीवर बसल्या. शेषराव लगबगीने त्यांच्याकडे गेले.

“इथं नाई, माय. समोर चला. तुमचं पोरगं बोलून राहिलं आज.”

त्यांनी सुभद्राबाईंना पहिल्या रांगेत, आपल्या शेजारच्या खुर्चीवर बसवले.

भाषण रंगले. माशीच्या गोष्टीला लोक हसले. पन्ह्याची कल्पना तर कापडाच्या दुकानदारांनी माना डोलावून पसंत केली. शेवट जवळ आला तसे शेषराव पुढे सरकून बसले. पुढचे वाक्य त्यांना पाठ होते. शेजारी आई पदर आवळून खाली बघत होती. एक जण त्या वाक्याची वाट पाहत होता, आणि दुसरी त्यालाच भीत होती. दोघांपैकी एकाला आज दुखवावे लागणार होते.

“त्या जिवांना आपलं सगळं एकाच वेळी दिसत असेल,” ते म्हणाले. “पण ती त्यांची नजर झाली. तिचं आपल्यावर बंधन नाही. आपल्याकडे गोष्टी संपतात. सुख संपतं, तसं दुःखही संपतं. जे गेलं, ते आपल्यापुरतं खरोखरच गेलं. माणसाला मिळालेली ही फार मोठी मोकळीक आहे. ती मी कुठल्याही ग्रहाला देणार नाही.”

टाळ्या पडल्या. शेषरावांचे हात मांडीवरच राहिले.

लोक पांगल्यावर मास्तर खाली आले. शेषराव अजून बसूनच होते.

“मास्तर,” ते हळू म्हणाले. आवाजात राग नव्हता. “तुमी मले माही पोरगी देल्ली होती. आज परत नेली.”

आपण बोललो त्यातला शब्दही मास्तरांना मागे घ्यायचा नव्हता, आणि तरी त्यांचे डोळे भरून आले.

सुभद्राबाई उठल्या नव्हत्या. शेषरावांसारख्या मातब्बर घरातल्या माणसांशी त्या जन्मभर खाली मान घालून, ‘पाटील’ म्हणत बोलल्या होत्या. आता त्यांनी आपली खुर्ची त्यांच्याकडे वळवली.

“भाऊ, कशी होती तुमची शालू?”

शेषरावांनी त्यांच्याकडे पाहिले. आता हे उठून जातील, असे मास्तरांना वाटले. ते उठले नाहीत.

“लय बडबडी,” ते म्हणाले. “जेवाले बसली का घास हातातच. तिची माय रागवे, तं मलेच सांगे, बाबा, तुमी आईले चूप करा.”

“माहा देवराव बी तसाच,” सुभद्राबाई म्हणाल्या. “दम म्हनून नाई बोलन्याले.”

धाकट्या भावाचे नाव, तो गेल्यापासून, मास्तरांनी आईच्या तोंडून कधी ऐकले नव्हते. ते उभ्या उभ्याच ऐकत राहिले.

भाषण ठेवणाऱ्या मंडळाची माणसे मागून सतरंजी गुंडाळत आली. पहिल्या रांगेतल्या त्या दोन खुर्च्यांपाशी येऊन ती थांबली, आणि त्या दोघांना न उठवता गुंडाळीवरच बसून राहिली.