लॉबीतला बाक

"तुझ्या बाबांचं लिखाण हल्ली मध्यंतरापर्यंतच चालतं गं. जरा बघून ये," असं वर्तमानपत्रातल्या प्रूफवाल्या बाई फोनवर म्हणाल्या, तेव्हा लेकीच्या मांडीवर तीन महिन्यांचं बाळ होतं आणि खांद्यावर त्याने ओकलेलं दूध. तिने ते हसण्यावारी नेलं. बाबा सिनेमाचा शेवट फोडत नाहीत हे सगळ्या गावाला ठाऊक होतं, त्यात बघायचं काय? झोपलेल्या बाळाच्या नाकाखाली दर दहा मिनिटांनी बोट धरणारी ही बाई बापाच्या बाबतीत मात्र निर्धास्त राहिली.

बाबा एकतीस वर्षं सिनेमाची परीक्षणं लिहीत होते. मुळात ते जाहिरात विभागातले कारकून. नेहमीचे समीक्षक आजारी पडले म्हणून एकदा त्यांना पाठवलं आणि पहिल्याच परीक्षणात त्यांनी खून कोणी केला ते सांगून टाकलं. थिएटरचा मालक पेपराची सुरळी करून ऑफिसचा जिना चढून आला. सगळ्यांदेखत म्हणाला, आता रिकाम्या खुर्च्यांवरही तुम्हीच येऊन बसा. त्या दिवसापासून मध्यंतरापर्यंतचं सविस्तर आणि पुढचं एका वाक्यात, तेही गुळमुळीत, अशी त्यांची रीतच पडली.

शुक्रवारचा पहिला खेळ, सातव्या रांगेतली कडेची खुर्ची, अंधारात वहीवर डाव्या अंगठ्याने ओळ धरून लिहिणं. शेजारीपाजारी त्यांना 'शुक्रवार'च म्हणत. आई त्यांच्याबरोबर जेमतेम दोनदा सिनेमाला गेली. सिनेमा चालू असताना बोलायचं नाही, आणि लेख हातावेगळा होईपर्यंत नंतरही नाही. त्यापेक्षा भिंतीबरोबर जाते, म्हणायची, तिचं तिकीट तरी काढावं लागत नाही.

शेवट ते एकाच माणसाला सांगत: लेकीला, शुक्रवारी संध्याकाळी फोनवर. आई गेल्यावर तर तो फोन तासभर चाले. पण बाळ झालं आणि "बाबा, आत्ताच झोपलाय, नंतर बोलू" सुरू झालं. ते नंतर काही आलं नाही. पुढे "मी ठीक आहे, तू बाळाचं बघ" म्हणून त्यांनी फोनही थांबवला आणि, खरं सांगायचं तर, तिला सुटल्यासारखंच वाटलं.

आठ महिन्यांनी प्रूफवाल्या बाईंचा पुन्हा फोन आला. बाबांनी छापून आणलं होतं की, शेवटची वीस मिनिटं दिग्दर्शक सगळ्या पात्रांना गप्प ठेवतो, हे धाडस वाखाणण्याजोगं आहे. बाई बहिणीबरोबर तोच सिनेमा पाहून आल्या होत्या. त्या वीस मिनिटांत दोन भाऊ एवढे भांडतात, म्हणाल्या, की बहिणीने कानात बोटं घातली.

शुक्रवारी बाळाला सासूबाईंकडे सोपवून, दुधाच्या वेळा दोनदा सांगून, ती थिएटरात गेली. मध्यंतर संपलं होतं. लॉबी रिकामी. फरशी पुसणाऱ्या बाईने पाय वर घ्या म्हणून सांगितलेलं असावं; बाकावर पाय उचलून, राखाडी स्वेटरमध्ये, बंद दाराकडे कान करून बाबा बसले होते. मांडीवर वही. ती समोर येऊन उभी राहिली तरी त्यांना कळलं नाही. "बाबा," म्हटल्यावर दचकले.

मग हळूहळू सगळं बाहेर आलं. अंधारात दिसेनासं झालं होतं, वर्ष झालं असेल. या वयात मध्यंतरात उठावंच लागतं, आणि परत येईपर्यंत दिवे गेलेले असतात. एकदा पायरी चुकली आणि ते थेट एका बाईंच्या मांडीवर जाऊन बसले. तेव्हापासून हा बाक.

"ऐकू येतं की इथून," ते म्हणाले. "जुन्या माणसाला तेवढं पुरतं."

"बाबा, दारं नवी बसवलीत. जाड आहेत."

ते दाराकडे बघत राहिले. "कधी बसवली?"

तिने त्यांचा हात धरला. ती म्हणाली, चला आत. ते हात सोडवू लागले.

"हात धरून जाताना डोअरकीपरने पाहिलं, तर उद्या संपादकांच्या कानावर जाईल. तेवढं एकच उरलंय गं माझं."

तरी तिने हात सोडला नाही. आत बसल्यावर ती कुजबुजत पडद्यावरचं सांगू लागली, तर ते म्हणाले, मध्ये बोलायचं नसतं. बऱ्याच वेळाने त्यांनीच हळूच विचारलं, "आता कोण आलं?"

डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. गेलेली नजर परत येत नाही, थेंबांनी उरलेली टिकेल. कधीपासून, असं विचारल्यावर तिने मनात प्रूफवाल्या बाईंच्या पहिल्या फोनपासूनचे महिने मोजले. संपादकांना बाबांनी स्वतःच जाऊन सांगितलं. निरोपाचं लिहायला मात्र तयार होईनात. तेव्हा पेपरातल्या त्यांच्या जागेत, त्या शेवटच्या शुक्रवारी, तिने लिहिलं:

"इथे लिहिणारे गृहस्थ अजून दर शुक्रवारी पहिल्या खेळाला येतात. बाळामुळे मला दर वेळी यायला जमत नाही. मध्यंतर संपल्यावर लॉबीतल्या बाकावर राखाडी स्वेटर घातलेलं कोणी दिसलं, तर थांबा. ते म्हणतील, मी ठीक आहे, तुम्ही व्हा पुढे. मीही तेच ऐकलं होतं. तुम्ही ऐकू नका. जवळ जा, आणि आत येताय का, एवढं विचारा."