मोकळ्या हातांची लाकडी इलिथिया

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी मूर्ती आहे. देवी नाही, तो मान माझा नाही. देवी इलिथिया ही ग्रीक देवांचा राजा झ्यूस आणि त्याची राणी हेरा यांची लेक, अडलेल्या बाळंतिणींची सुटका करणारी. ग्रीसमधल्या आर्केडियाच्या डोंगरातल्या आमच्या गावात तिचे लहानसे देऊळ आहे. तिच्या जागी तिथे मी उभी असते, एवढेच.

स्मिक्रॉस नावाच्या सुताराने मला घडवले. तो नांगर आणि दारे करणारा माणूस. त्याची बायको पहिल्या बाळंतपणात मरता मरता वाचली, तेव्हा तो नवस बोलला होता. जंगली नाशपातीचे एक झाड तोडून तो कामाला लागला. मूर्ती त्याने पूर्वी कधी केली नव्हती. माझा एक डोळा मोठा झाला, नाक जरा वाकडे गेले. हात मात्र त्याने गावच्या सुईणीला विचारून केले. ती म्हणाली, "तोंड कसंही कर बाबा, पण हात मोकळे ठेव. बोटांत बोटं अडकवलीस तर या गावात एक पोर सुखरूप जन्मायचं नाही."

ती असे का म्हणाली, हे आमच्याकडच्या प्रत्येक मुलीला ठाऊक असते. अल्कमीनी नावाच्या एका मानवी स्त्रीच्या पोटात झ्यूसचा मुलगा हेराक्लिस होता. हेराचा सवतीमत्सर जागा झाला आणि तिने इलिथियाला अल्कमीनीच्या दाराशी बसवले. पायावर पाय टाकून, बोटांत बोटे गुंफून इलिथिया सात दिवस बसून राहिली. आत अल्कमीनी तळमळत होती. शेवटी एक चतुर दासी बाहेर येऊन म्हणाली, "मुलगा झाला, बरं का!" देवी दचकून उठली, तिची बोटे सुटली आणि त्याच क्षणी हेराक्लिस जन्मला. म्हणून आमच्याकडे बाळंतिणीच्या खोलीत केसांच्या, कमरेच्या, चपलांच्या, सगळ्या गाठी सोडतात.

तर माझ्या उजव्या हातात मशाल आहे आणि डावा हात पुढे, तळवा उघडा. बायका तो तळवा धरत. धरून धरून तो काळा आणि गुळगुळीत झाला.

माझी व्यवस्था निकारेते नावाची विधवा पाहायची. दर वसंतात ती मला नदीवर न्हाऊ घाली, ऑलिव्हचे तेल चोळी आणि बायकांनी विणलेले लोकरीचे नवे वस्त्र नेसवी. कोणी अडली की ती मला कडेवर घेऊन त्या घरी जाई. माझे वजन दोन वर्षांच्या पोराएवढे. सुटका झाली की मधाच्या पोळ्या येत, कौतुक होई. सगळ्याच सुटल्या असे नाही. एकदा बाळंतपणात मेलेल्या एका मुलीची आई माझ्या तोंडावर थुंकली. निकारेतेने आधी त्या आईला पोटाशी धरले, मग मला पुसले.

अशी किती वर्षे गेली, ते मी मोजले नाही. मग थ्रासिलॉसने देवीची संगमरवरी मूर्ती करवून आणली. खेचरांच्या व्यापारात त्याचे बरे चालले होते आणि गावासाठी काही करावे असे त्याला मनापासून वाटत होते. मूर्ती देखणी होती. पुरुषांनी वाहवा केली. बायका मात्र तिच्या हातांकडे पाहत राहिल्या. नवी देवी आसनावर बसलेली होती आणि तिच्या मांडीवर दोन्ही हातांची बोटे एकमेकांत गुंफलेली होती.

निकारेते म्हणाली, "थ्रासिलॉस, हिचे हात बांधलेत रे."

"दगड आहे तो, म्हातारे. पुढे काढलेला हात घाटातच मोडला असता."

"मग मोडू द्यायचा होतास."

पुरुष हसले. थ्रासिलॉस रागावला. नव्या देवीची सेवा जमत नसेल तर देवळाची किल्ली ठेव, असे त्याने तिला सुनावले. तिने किल्ली काढून उंबऱ्यावर ठेवली आणि ती घरी गेली.

मला देवळामागच्या कोठीत फुटक्या रांजणांपाशी टाकले. तिथे मी तीन वर्षे होते. खांद्याला कीड लागली, मानेच्या खोबणीत उंदरांनी घर केले. बायका देवळात जाईनाशा झाल्या. काहीजणी कोठीच्या भिंतीशी पोळी ठेवून निमूट जात. दार उघडायला कोणी धजावत नव्हते.

चौथ्या वर्षी थ्रासिलॉसची सून मिर्तो बाळंत व्हायला बसली. दुसऱ्या दिवशी दुपार झाली तरी सुटका होईना. थ्रासिलॉस दोनदा संगमरवरी देवीला नैवेद्य दाखवून आला. कळ आली की मिर्तो अंग आखडून घेते, असे सुईण सांगत होती. अखेर मिर्तो सासूला म्हणाली, "डोळे मिटले की मला ते बांधलेले हातच दिसतात."

सासूने ते बाहेर येऊन नवऱ्याला सांगितले. तो तडक निकारेतेच्या दारी गेला. ती लोकर पिंजत होती.

"किल्ली आणलीय," तो म्हणाला. "चल."

"किल्ली राहू दे. आधी तिला बाहेर काढ. मला आता उचलवत नाही."

त्याने मला स्वतः उचलले, आपल्या अंगावरच्या वस्त्राने पुसले आणि चढावरून धावत घरी नेले. बाळंतिणीच्या खोलीत पुरुष जात नाहीत, म्हणून दाराशी त्याने मला सुईणीच्या आणि मागून आलेल्या निकारेतेच्या हातात दिले. मिर्तोने माझा तळवा घट्ट धरला. निकारेते तिच्या कानाशी हळू बोलत राहिली. ऊन कलायच्या आत मुलगी झाली.

थ्रासिलॉसने बाहेरून एकच विचारले, "मिर्तो कशी आहे?"

मित्रांनो, मी काय केले? काहीच नाही. लाकडाच्या हातून काय होणार? धरायला कोणीतरी आहे असे त्या पोरीला वाटले आणि तिची भीती गेली. बाकीचे देवी जाणे.

पुढे संगमरवरी मूर्ती कोणी फोडली नाही. ती चौथऱ्यावर असते, मी तिच्याशेजारी तिवईवर. निकारेते आता नाही. माझे सगळे मिर्तो पाहते. खांद्याची कीड थांबली आहे, पण तेल चुकले की ती पुन्हा लागेल, म्हणून तेल चुकवू नका. आणि एखादी जुनी वस्तू अडगळीत टाकण्याआधी, ती ज्यांच्या कामाची आहे त्यांना विचारत जा. थ्रासिलॉस वाईट माणूस नव्हता. त्याने फक्त बायकांना विचारले नव्हते.