पोट खाली झालं की सुट्टी

"बठ्ठं पेवानं?" भाऊने काठोकाठ भरलेल्या ग्लासात डोकावून विचारलं.

"बठ्ठं. मधमां थांबू नको."

"चुनाना पानी शे रे हाई."

"चुनाच समज. पी."

वीस वर्षं झाली, धुळ्यातल्या याच एक्स-रेच्या दवाखान्यात मी लोकांना हे बेरियमचं पांढरं पाणी पाजतोय. कुणी नाक दाबून पितं, कुणी देवाचं नाव घेतं, एक फौजदार तर माझ्याच अंगावर थुंकला होता. मी कुणाची गय करत नाही. पाणी पोटात गेलं की फोटोत पोट पांढरं दिसतं, आणि ते किती वेळात पुढे आतड्यात सरकतं हे बघण्यासाठी पाच फोटो काढायचे: लगेच, मग एक तासाने, दोन, चार आणि सहा तासांनी. तोवर पेशंटने काही खायचं नाही. लोक कंटाळतात, म्हणून सगळ्यांना माझं एकच ठरलेलं वाक्य असतं. भाऊलाही तेच ऐकवलं.

"पोट खाली व्हयनं का सुट्टी. मंग घर जाय, जेव."

पंडितभाऊ माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा. मला दहावीपर्यंत त्याने शिकवलं, या नोकरीवर चिकटवायला पारोळ्याहून सोबत तोच आला होता, आणि तेव्हा मी एक्स-रेच्या मशीनला घाबरलो म्हणून भर दवाखान्यात हसला होता. आता टेबलावर उघडा झोपला तर त्याच्या बरगड्या मोजता येत होत्या. चार महिने झाले, काल खाल्लेलं अन्न आज तसंच्या तसं उलटून पडायचं. आणि आमची यशोदावहिनी अशी, की नवऱ्याच्या पोटात अन्न टिकलं नाही तर स्वतःचं ताट सरकवून उठायची. सगळं गाव समजावून थकलं. शेवटी भाऊच हुशार झाला. तिच्यासमोर नीट जेवायचा, ती जेवायला बसली की गोठ्यामागे जाऊन घशात बोटं घालायचा. हे त्याने मला एकट्याला सांगितलं होतं आणि माझ्याकडून वचन घेतलं होतं.

तपासणीसाठी तो काल दुपारपासून उपाशी होता. म्हणजे वहिनीही उपाशी. बाहेरच्या बाकावर भाकरीचं गाठोडं मांडीवर घेऊन ती सकाळपासून बसली होती.

"वहिनी, तुम्ही तरी चहा पी ल्या."

"यास्ना पोटमां काही नही आनि मी कशी पिऊ, मगनभाऊ?"

मला राग आला. पण वहिनीवर रागावून काय उपयोग, तिने तोंडातून शब्द काढला नाही तरी ती आपलंच खरं करते.

पहिले तीन फोटो सारखेच आले. पोट पखालीसारखं खाली लोंबलेलं आणि पांढरं सगळं तळाशी बसलेलं. चार तासांचाही तसाच. एक थेंब पुढे गेला नव्हता. अंधारखोलीत लाल दिव्याखाली तो फोटो धरून मी किती वेळ उभा होतो कोण जाणे. असे फोटो मी पुष्कळ पाहिलेत. त्यातली किती माणसं पुन्हा भेटली, हेही मला माहीत आहे. बाहेर आलो तर भाऊने विचारलं, "काय दिखस रे?" मी म्हणालो, "डॉक्टर सांगतीन." हीच आमची रीत. फोटो काढणाऱ्याने तोंड उघडायचं नाही. वीस वर्षांत मी एकदाही उघडलं नव्हतं.

मग सहा तासांचा फोटो धुतला. पोट रिकामं होतं. पांढरं नावाला नव्हतं.

मी वेड्यासारखा ओला फोटो हातात घेऊन बाहेर पळालो. "वहिनी, गयं, बठ्ठं गयं. रस्ता खुला शे." तिने आधी दोन्ही हात जोडले, मग भाकरीचा तुकडा मोडून भाऊच्या हातात दिला. त्याने तो तोंडाजवळ नेला. दवाखान्यातल्या उपाशी पेशंटांसमोर आपण कसं खायचं, म्हणून ती गाठोडं घेऊन मागच्या अंगणात लिंबाखाली गेली. मी इतका खूश होतो की डॉक्टरांच्या खोलीत शिरताना दारही वाजवलं नाही.

डॉक्टरांनी फोटो उजेडावर लावला. पोटाखाली, आतड्याच्या जागी बोट फिरवलं.

"मगन, पोटात नाही, ठीक आहे. आतड्यातही टिपूस नाही. मग गेलं कुठं?"

मी बघितलं. खरंच नव्हतं. ज्याने हजारो फोटो काढले त्या माणसाला हे दिसलं नाही, कारण त्याला बघायचं नव्हतं.

बाकावर भाऊ एकटाच बसला होता. भाकरीचा तुकडा त्याच्या मुठीत तसाच होता.

"भाऊ, उलटी करी का तू?"

त्याने मान खाली घातली. "तूच सांगं ना सकाये. पोट खाली व्हयनं का सुट्टी. मी खाली करी टाकं. लिंबना मांगे." मग म्हणाला, "ती काल दुपारपासून उपाशी शे रे. चक्कर ई ऱ्हायंती तिले."

मी परत डॉक्टरांकडे गेलो. पुन्हा बेरियम पाजू का, विचारलं. ते नको म्हणाले, चार तासांचा फोटो पुरेसा आहे. सकाळी त्यांनी भाऊच्या गळ्याच्या हाडावर बोट ठेवलं होतं, तिथे गाठ लागली होती. ती गाठ म्हणजे रोग पोटाबाहेर पसरला, आणि मग आमचे डॉक्टर ऑपरेशनचं नाव काढत नाहीत, हे मला ठाऊक होतं. तरी मी उभाच राहिलो.

"पातळ खायला दे. जेवढं राहील तेवढं," ते म्हणाले. "घरी ने त्यांना."

मी बाहेर आलो. भाऊने माझ्या तोंडाकडे बघितलं. फक्त म्हणाला, "तिले पोटभर जेवू दे. मंग सांग."

अंगणात वहिनी पदर सावरून जेवत होती. ठेचा आणि भाकर, काल दुपारपासूनची भूक. तिच्या पाठीमागे, लिंबाच्या बुंध्याशी, हातभर पांढरा डाग पडला होता. बेरियम जमिनीत मुरत नाही. अजून ओलंच होतं ते. ती वळली असती तर दिसलं असतं.

"या मगनभाऊ, बसा. तुम्ही बी सकायपासून उपाशीच शेत." तिने अर्धी भाकर पुढे केली. "यास्ले आते बरं व्हई ना?"

"व्हई," मी म्हणालो.

आणि तिच्यामागे जाऊन, त्या डागावरच मांडी घालून बसलो. भाकर हातात घेतली. ओल पँटीतून लागत होती.