कापलेलं पान

"उद्या लोकांना एवढंच सांग, ते पान सरकारनं कापलं," स्टामाटीस माझ्या स्वयंपाकघरात बसून म्हणाला. उद्या अथेन्सात त्याचा सत्कार होता. हुकूमशाही जाऊन वर्ष झालेलं, त्यामुळे आता ज्याला त्याला आपला छळ झाल्याचा दाखला हवा होता.

बावीस वर्षं मी त्याच्या पटकथा टाइप केल्या. साठ सिनेमे! गरीब मुलगी, श्रीमंत पोरगा, आजारी आई आणि शेवटी लग्न. गावं, नावं तेवढी बदलायची, तीही मी सुचवलेली. आठ दिवसांत एक सिनेमा पाडायचा आणि वर 'कला, कला' करत कॉफी ढोसायची. सगळे त्याला मास्तर म्हणत. कसला डोंबलाचा मास्तर!

त्या साठांत एकच पान खरं होतं आणि ते आमच्या घरातलं होतं. माझ्या भावाला लष्करानं बेटावर डांबलं तेव्हा आई रोज जेवताना त्याचंही ताट मांडायची. मी बोलून गेले, यानं ते उचलून पटकथेत घातलं. पोरगा कुठे आहे ते लिहिलं नव्हतं, पण कळणाऱ्याला कळलं असतं. टाइप करताना मी रडले, खोटं कशाला बोलू.

"मास्तर, सेन्सॉरनं ते पास केलं होतं. शिक्क्याची प्रत मीच आणली. काट तुम्ही मारलीत."

"अगं, पण पुढेमागे कोणी विचारलं असतं तर?"

"विचारलं कोणी?"

"मला बायकापोरं होती गं!"

"आणि आम्ही काय दगडातून आलो होतो? माझ्या तोंडून ते निघायचं नाही."

"आता तुझी आईही नाही. कोणाला दुखणार आहे?"

तेव्हा मात्र माझं डोकं फिरलं.

"आईला पहिल्या खेळाला नेलं होतं मी. चर्चचे कपडे घालून, आळीभर सांगून आली होती. लग्नातला नाच संपला, दिवे लागले, तरी उठेना. म्हणाली, 'आपलं ताट कधी येणार?' काय सांगू तिला? म्हटलं, तुला डुलकी लागली तेव्हा येऊन गेलं."

"बरं केलंस," तो पुटपुटला. "तेवढ्यावर भागलं."

भाऊ सुटायच्या आधीच आई गेली. शेवटपर्यंत शेजारणींना सांगायची, "ऐन वेळी माझा मेलीचाच डोळा लागला."